०.४५ मोठा की ०.६? शून्य जोडण्याआधी काय शिकवायचे

प्रश्न एका तरुण शिक्षिकेचा आहे. त्या लिहितात : "माझ्या पाचवीच्या वर्गात निम्म्याहून जास्त मुले ०.४५ ही संख्या ०.६ पेक्षा मोठी आहे असे लिहितात. शेवटी शून्य जोडून अंक सारखे करून घ्यायला शिकवले, तेव्हा सगळ्यांना जमले. दिवाळीच्या सुट्टीनंतर पुन्हा तेच. चढता-उतरता क्रम लावताना तर सगळा गोंधळ उडतो. सुरुवात कुठून करू?"

बाई, मी सत्तावीस वर्षे चौथी ते सातवीच्या वर्गांना गणित शिकवले आणि ही चूक दरवर्षी पाहिली. मुलांचे लक्ष नव्हते म्हणून ती होत नाही. १९८९ साली लॉरेन रेस्निक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिका, इस्राएल आणि फ्रान्स या तीन देशांतल्या मुलांच्या दशांशातल्या चुका तपासल्या, तेव्हा तिथेही नेमक्या याच चुका सापडल्या. पुढे मेलबर्न विद्यापीठात केय स्टेसी आणि विकी स्टाइनल यांनी हजारो मुलांची वर्षानुवर्षे चाचणी घेतली आणि या चुकांमागे मुलांचे ठरावीक विचार असतात हे दाखवले. तेव्हा तुमच्या शिकवण्यात खोट आहे असे मनात आणू नका.

मात्र शून्य जोडायची युक्ती काही दिवस बाजूला ठेवा, असे मी आग्रहाने सांगेन. ०.६ चे ०.६० केले की मूल साठ आणि पंचेचाळीस यांची तुलना करते आणि उत्तर बरोबर येते. पण 'पॉइंटच्या पुढे एक साधी संख्याच असते' हा जो समज चुकीच्या मुळाशी होता, त्याच्याच जोरावर आता बरोबर उत्तर आले. समज तसाच राहिला, उलट पक्का झाला. सुट्टीत युक्ती विसरली, समज शिल्लक राहिला. तुमच्या वर्गात दिवाळीनंतर दिसले ते हेच.

म्हणून शिकवण्याआधी कोणते मूल काय विचार करते ते बघा. त्यासाठी जोड्या निवडताना काळजी घ्यावी लागते. सरावाच्या वह्यांत बहुतेक जोड्या ३.४५ आणि ३.५४ अशा असतात, दोन्हीकडे सारखेच अंक. काहीही न समजलेले मूलही त्या बरोबर सोडवते. अंकांची लांबी वेगळी असलेल्या जोड्या द्या, आणि त्याही दोन प्रकारच्या.

पहिला प्रकार ०.६ आणि ०.४५ असा, जिथे लांब संख्या लहान आहे. 'जास्त अंक म्हणजे मोठी संख्या' असे मानणारे मूल इथे चुकते. दुसरा प्रकार ०.७३६ आणि ०.६२ असा, जिथे लांब संख्याच मोठी आहे. हा प्रकार वगळू नका, कारण वर्गात चार-पाच मुले उलट्या समजाची असतात. त्यांनी ऐकलेले असते की शतांश हा दशांशापेक्षा लहान आणि सहस्रांश त्याहून लहान. त्यावरून ती ठरवतात की जिथे सहस्रांश आले ती संख्याच लहान. अशी मुले ०.६ ला ०.४५ पेक्षा मोठे म्हणतात, आपण शाबासकी देतो आणि पुढे जातो. ०.७३६ आणि ०.६२ विचारले की ती ०.६२ वर खूण करतात. बरोबर उत्तरामागे चुकीचा विचार दडलेला असतो तो इथेच, आणि माझ्या अनुभवात ही मुले शोधायला जास्त अवघड जातात.

आणखी दोन जोड्या जरूर घाला : ०.४ आणि ०.०४, तसेच ० आणि ०.३. शेवटची जोडी बघून मोठ्या माणसांना आश्चर्य वाटते, पण ०.३ ही शून्यापेक्षा लहान आहे असे मानणारी मुले दर काही वर्षांनी भेटतातच. 'अपूर्ण' म्हणजे 'शून्यालाही न पोचलेले' असा अर्थ त्यांनी लावलेला असतो. प्रत्येक उत्तराला 'का?' विचारा आणि मुलाचे वाक्य जसेच्या तसे टिपून ठेवा.

आता शिकवण्याकडे येऊ. माझे मुख्य साधन कार्डशीटची साधी पट्टी. एक मीटर लांबीची एक पट्टी कापा, तिच्यावर कसलीही खूण करू नका. हिचे नाव 'एक'. मग तिचे बरोबर दहा भाग होतील असे तुकडे दुसऱ्या पट्टीतून कापा. प्रत्येकाचे नाव 'दशांश'. त्यातल्या एका तुकड्याचे पुन्हा दहा बारीक तुकडे करा, त्यांचे नाव 'शतांश'. मुलांच्या हातून कापून घ्या, कारण शतांश इतका छोटा होतो हे कापताना बोटांना कळते. सहस्रांश कापता येत नाही. तो शतांशाच्या तुकड्यावर पेन्सिलीची बारीक रेघ मारून दाखवायचा.

इथे एक सावधगिरी सांगते. सेंटीमीटर हा शब्द या तासात उच्चारू नका आणि मोजपट्टी मुलांच्या हातात देऊ नका. मीटरची पट्टी आहे हे कळताच मूल ४५ सेंटीमीटर आणि ६० सेंटीमीटर म्हणून मोकळे होते, आणि आपण पुन्हा साठ-पंचेचाळीसवर येतो. फक्त दशांश आणि शतांश ही नावे वापरायची.

मग ०.६ मांडायला सांगा : सहा दशांश एकापुढे एक. खाली ०.४५ मांडा : चार दशांश आणि पाच शतांश. कोणते लांब ते दिसतेच. पण इथे थांबू नका, कारण खरा मुद्दा पुढे आहे. विचारा, "खालच्या रांगेत आणखी शतांश घातले तर ती वरच्या रांगेला गाठेल का?" मुले एकेक तुकडा घालतात. सहा, सात, आठ, नऊ. ०.४९ झाले. रांग अजून पाच दशांशांनाही पोचलेली नाही. एखादे मूल म्हणते, "दहावा घातला तर?" दहावा घातला की दहा शतांशांचा एक दशांश होतो आणि चाराचे पाच होतात, म्हणजे तो अंक शतांशाच्या घरात राहतच नाही. आता विचारा, "०.४९ च्या पुढे नऊ सहस्रांश घातले तर?" तरीही नाही. शतांशाच्या घरात जास्तीत जास्त नऊ बसतात, आणि नऊ शतांशांनी एक दशांश भरत नाही. त्यामुळे दशांशाच्या घरात ज्याचा अंक मोठा, त्याला पुढचे कितीही अंक मिळून गाठू शकत नाहीत.

'डावीकडून तुलना करा' हा नियम पाठ्यपुस्तकात असतोच. तो का चालतो याचे उत्तर या नऊ तुकड्यांत आहे. या एका गोष्टीवर पूर्ण तास गेला तरी जाऊ द्या. मी तर दोन तास घालवते.

शंभर चौकोनांचा तक्ता अनेक जण वापरतात, तोही चांगला. पण त्यात एक चूक हमखास होते. ०.६ रंगवायला सांगितले की मूल सहा उभ्या ओळींऐवजी सहा छोटे चौकोन रंगवते, म्हणजे ०.०६ दाखवते. तक्ता पट्टीनंतर द्या आणि हीच चूक वर्गात मुद्दाम चर्चेला घ्या.

दुसरे साधन आपल्या भाषेतच आहे, आणि ते पुरेसे वापरले जात नाही याची मला फार खंत वाटते. पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच. किराणा आणायला जाणाऱ्या मुलाला पाव किलो आणि अर्धा किलो यांतले मोठे काय हे विचारावे लागत नाही. फळ्यावर ०.२५ लिहा आणि सांगा, "हे पाव." शेजारी ०.५ लिहा, "हे अर्धा." मग विचारा, कोणती संख्या मोठी? ज्याच्या मते पंचवीस पाचापेक्षा मोठे असतात, ते मूल इथे गप्प होते. पाव हा अर्ध्यापेक्षा मोठा असू शकत नाही हे त्याला पक्के माहीत असते. त्या शांततेत घाई करू नका, उत्तर सांगू नका. आपलाच नियम आपल्याच अनुभवाशी जुळत नाही हे मुलाला स्वतःला जाणवले की मग ते पट्टीकडे वेगळ्या नजरेने बघते. पुढे पाऊण म्हणजे ०.७५ आणि त्याच्यापुढे ०.८ ठेवा. पाऊणपेक्षा ०.८ थोडी जास्तच, हे पट्टीवर मांडून बघू द्या. पाव, अर्धा, पाऊण हे तीन टप्पे डोक्यात बसले की कोणतीही संख्या 'अर्ध्याच्या अलीकडे की पलीकडे' असे मूल आधी बघू लागते. तेवढ्यानेच निम्म्या चुका कमी होतात.

पैशांनी शिकवू नये का, असे काही शिक्षक विचारतात. शिकवा, पण सुरुवात त्याने करू नका. आपल्याकडे १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर पैसे झाले, त्यामुळे रुपये-पैसे दशांशासाठी सोयीचे वाटतात. पण आजच्या पाचवीतल्या मुलाने पैसा हाताळलेलाच नाही. पंचवीस पैशांचे नाणे ३० जून २०११ पासून चलनातून बाद झाले, आणि पन्नास पैशांचे नाणे दुकानात क्वचितच दिसते. शिवाय ७.५० रुपये हे मुलाला 'सात रुपये आणि पन्नास पैसे' अशा दोन वेगवेगळ्या संख्या वाटतात, मध्ये ठिपका असलेल्या. ७.५ रुपये लिहिले की ते 'सात रुपये पाच पैसे' वाचते.

याच्या मागे एक मोठी अडचण आहे. व्यवहारातली यंत्रे दशांश नेहमी सारख्याच लांबीचे छापतात. दुकानातला इलेक्ट्रॉनिक काटा पाव किलोला ०.२५० आणि अर्ध्या किलोला ०.५०० दाखवतो. बिलावर दोन अंक, दूध संकलन केंद्राच्या पावतीवर फॅटला एकच अंक. लांबी सारखी असली की पॉइंटकडे दुर्लक्ष करूनही उत्तर बरोबर येते. म्हणजे मुलाचा चुकीचा समज रोजच्या जगात कधी उघडा पडतच नाही. तो उघडा पाडायची जागा म्हणजे आपला वर्ग. वेगवेगळ्या लांबीचे दशांश मुद्दाम समोर ठेवायचे काम आपल्यालाच करावे लागते.

याहून घातक म्हणजे जे दशांश दिसतात पण दशांश नसतात ते. क्रिकेट बघणाऱ्या मुलाला ४.३ षटके रोज दिसतात. तिथे पॉइंटच्या पुढचा अंक म्हणजे चेंडू, आणि षटक सहा चेंडूंचे. म्हणून ४.३ षटके म्हणजे साडेचार षटके, आणि १९.५ नंतरच्या चेंडूला २० षटके पूर्ण होतात. धावगती काढताना ४.३ चे ४.५ करूनच भागावे लागते. घड्याळाचेही तसेच. आपण ९.३० लिहितो आणि साडेनऊ वाचतो, तर दशांशात साडेनऊ म्हणजे ९.५. पाठ्यपुस्तकात उदाहरणसंग्रह १.९ नंतर १.१० येतो. हे सगळे पाहणाऱ्या मुलाने 'नऊनंतर दहा' असे म्हणून ०.९ नंतर ०.१० लिहिले तर त्याने काही वेडेपणा केलेला नाही, त्याने जग नीट पाहिले आहे. वर्गात एक दिवस मुलांना अशी उदाहरणे गोळा करून आणायला सांगा आणि प्रत्येकासमोर एकच प्रश्न : इथे पुढच्या घरात किती झाले की मागच्या घरात एक वाढतो? सहा, साठ की दहा? दहा असेल तरच तो दशांश.

वाचनाकडेही लक्ष द्या. 'शून्य पॉइंट पंचेचाळीस' हे वाचन सुरुवातीचे काही आठवडे बंद ठेवा. पंचेचाळीस हा शब्द कानावर पडला की मूल साध्या संख्येकडे जाते. 'शून्य दशांशचिन्ह चार पाच' म्हणा, किंवा 'चार दशांश पाच शतांश'. मराठीत आणखी एक खाचखळगा आहे. दशक-दशांश, शतक-शतांश हे शब्द कानाला इतके जवळचे आहेत की शतक दशकापेक्षा मोठे म्हणून शतांशही दशांशापेक्षा मोठा, असे मूल धरून चालते. 'अंश' या शब्दावर बोट ठेवा : शंभरातला एक भाग, दहातला एक भाग. भाकरी दहा जणांत वाटली तर वाट्याला जास्त येईल की शंभर जणांत, एवढे विचारले तरी पुरते. आणि 'एकांश' कुठे गेला असे कुणी विचारले, तर त्या मुलाचे कौतुक करा. घरांची जुळणी एककाच्या दोन बाजूंना होते, एका बाजूला दशक आणि दुसऱ्या बाजूला दशांश. पॉइंट फक्त एकक कोणते ते दाखवतो.

आता चढता-उतरता क्रम. दोन संख्या जमल्या की सहा जमतील असे आपल्याला वाटते, पण तसे होत नाही. मुलांना एकदम सहा संख्यांवर नजर ठेवता येत नाही. मी त्यांना आधी हजेरीपट दाखवते. अभिजित आणि अमर यांत आधी कोण? अभिजित. नाव लांब असूनही आधी, कारण दुसऱ्या अक्षरात भ हा म च्या आधी येतो. लांबी कुणी मोजत नाही. राम आणि रामदास? जिथपर्यंत अक्षरे सारखी तिथपर्यंत बरोबरी, मग ज्याचे संपले तो आधी. पॉइंटच्या पुढचे अंक अगदी असेच लागतात. ४.४५ आणि ४.४५०२ मध्ये ४.४५ लहान. फरक एकच सांगून ठेवा : शेवटी नुसती शून्ये असतील तर संख्या तीच राहते, ०.६ आणि ०.६० एकच. आणि पॉइंटच्या आधी मात्र हा हजेरीपट चालत नाही, तिथे पूर्ण संख्या आधी बघायची.

मग हा संच द्या : ०.७, ०.०७, ०.६५, ०.६०५, ०.५६, ०.६. लगेच क्रम लावू देऊ नका. आधी गट करायचे, दशांशाच्या घरानुसार. शून्याच्या गटात ०.०७ एकटी. पाचाच्या गटात ०.५६. सहाच्या गटात तीन. सातात ०.७. भांडण फक्त सहाच्या गटात आहे, म्हणून तिथेच शतांश बघायचा. ०.६५ मध्ये पाच शतांश, बाकी दोघींत एकही नाही, मग त्या दोघींत सहस्रांश बघायचा. शेवटी : ०.०७, ०.५६, ०.६, ०.६०५, ०.६५, ०.७. हा संच मी मुद्दाम असा ठेवला आहे. ०.६०५ ला सगळ्यात मोठी म्हणून शेवटी ठेवणारे मूल 'लांब म्हणजे मोठी' असे मानते, आणि तिलाच सगळ्यात लहान म्हणून पहिली लिहिणारे 'लांब म्हणजे लहान' असे मानते. एक उत्तर वाचून विचार कळतो.

कागदावर लिहिण्याआधी वर्गात सुतळी बांधा, एका टोकाला ०, दुसऱ्या टोकाला १, मध्ये अर्धा. चिठ्ठ्या कपड्यांच्या चिमट्यांनी अडकवायच्या. क्रम बरोबर आहे का याबरोबर अंतरही बघा. ०.०७ शून्याला चिकटून आली पाहिजे, आणि ०.६०५ ही ०.६ ला जवळजवळ झाकून टाकते हे दिसले पाहिजे. चिमटा लावायला जागा उरली नाही की मुलेच म्हणतात, सुतळी लांब करा. तिथून 'दोन संख्यांच्या मध्ये नेहमी आणखी एक संख्या असते' हा विचार आपोआप येतो. त्यावर वेगळा पाठ घ्यायची गरज नाही.

मुलांची उंची हा माझा सगळ्यात आवडता सराव. भिंतीवर उंची मोजून चिठ्ठीवर मीटरमध्ये लिहा, पण १.४० ऐवजी १.४ लिहा. १.३८ ची चिठ्ठी हातात असलेला मुलगा १.४ वाल्या मुलीला म्हणतो, "माझी संख्या मोठी." मग दोघे पाठीला पाठ लावून उभे राहतात. त्याच्यानंतर मला काही सांगावे लागत नाही.

खेळातल्या वेळाही द्या, कारण तिथे लहान संख्या जिंकते आणि मुलांना प्रश्न नीट वाचावा लागतो. २०२२ च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुल स्पर्धेत बीड जिल्ह्यातल्या मांडव्याच्या अविनाश साबळे यांनी तीन हजार मीटर स्टीपलचेस ८ मिनिटे ११.२० सेकंदांत पूर्ण केली. केनियाच्या अब्राहम किबिवोट यांची वेळ ८ मिनिटे ११.१५ सेकंद. फळ्यावर ११.२ आणि ११.१५ असे लिहा आणि सुवर्ण कुणाला ते विचारा. 'दोन लहान, पंधरा मोठे' म्हणणारी मुले साबळेंना सुवर्ण देतात आणि आनंदाने टाळ्या वाजवतात. खरे तर त्यांना रौप्य मिळाले, पाच शतांश सेकंदांच्या फरकाने. पाच शतांश सेकंद म्हणजे किती, यावर मुले मग आपणहून बोलू लागतात. पी. टी. उषांचे १९८४ मधले चारशे मीटर अडथळा शर्यतीतले कांस्यपदक एकाच शतांशाने हुकले, ५५.४२ आणि ५५.४१, हेही सांगा.

इतके झाल्यावर शून्य जोडायची रीत द्या. आता ती मुलांना नवी वाटत नाही : ०.६ मध्ये सहा दशांश आणि शून्य शतांश आहेत, तेच लिहून दाखवायचे. फक्त 'पॉइंटच्या पुढच्या शून्याला किंमत नसते' हे वाक्य वर्गात कधीही उच्चारू नका. ते ऐकलेले मूल ०.०४ ला ०.४ समजते, आणि तो समज सातवीपर्यंत निघत नाही. शेवटच्या शून्याने संख्या बदलत नाही, मधल्या शून्याने बदलते, हे पट्टीवर दोन मिनिटांत दिसते.

महिन्याभराने पहिल्या दिवसाच्या जोड्या पुन्हा द्या, आकडे बदलून : ०.८ आणि ०.३७, ०.९१४ आणि ०.८५, ०.५ आणि ०.०५, ० आणि ०.२. त्या दिवशी टिपलेली वाक्ये शेजारी ठेवून वाचा. उत्तर बरोबर असूनही कारण म्हणून 'त्यात अंक कमी आहेत' असे लिहिलेले मूल सापडेल. त्याला 'बरोबर'ची खूण देऊन पुढे पाठवू नका, पुन्हा पट्टीपाशी बसवा.